तीन दिवसांत अंकोर



थोडक्या दिवसांत पुष्कळ पाहून घ्यावें, ही प्रवासी माणसाची हौस कांहीं नवी नाहीं. काशीयात्रेस निघालेले आपले पूर्वज वाटेवरचीं सारीं तीर्थें पदरांत पाडून घेत. आज विमानानें निघालेला गृहस्थ तीन दिवसांत वीस देवळें पदरांत पाडून घेतो. पूर्वजांना वाटेंत विचार करावयास महिने मिळत. आपणांस मात्र तो विचार घरींच करून निघावें लागतें. आज ज्या स्थळाविषयीं मी बोलणार आहें तें कंबोडिया देशांतील अंकोर. तेथील प्राचीन ख्मेर देवळें वाटाड्या बरोबर घेऊन तीन दिवसांत कशीं पाहावीं, आणि पाहतांना आपण भारतीयांनीं विशेषतः कोणती सावधगिरी बाळगावी, एवढाच आजच्या भाषणाचा विषय आहे.

अंकोर हें नांव कानाला परकें लागतें. पण तो आपल्या ‘नगर’ या शब्दाचाच ख्मेर मुखांतील अवतार होय. नवव्या शतकापासून पंधराव्या शतकापर्यंत, मधलीं थोडीं वर्षें सोडलीं तर, ख्मेर राजांची राजधानी याच परिसरांत होती. उत्तरेस कुलेनचे डोंगर, दक्षिणेस तोन्ले साप नांवाचें विस्तीर्ण सरोवर आणि दोहोंच्या मध्यें भाताची सपाट जमीन, अशी या भूमीची ठेवण आहे. सुमारें ४०० चौरस किलोमीटरांचा हा प्रदेश १९९२ सालीं जागतिक वारशाच्या यादींत आला. जवळचें शहर सिएम रीप. तेथील नवा विमानतळ २०२३ सालीं सुरू झाला. तो शहरापासून बराच दूर आहे. हवा नोव्हेंबर ते फेब्रुवारी या महिन्यांत सुखाची असते. एप्रिलांत दगड इतके तापतात कीं दुपारीं पाय ठेववत नाहीं.

प्रवेशपत्रें एक, तीन आणि सात दिवसांचीं मिळतात. २०१७ सालीं ठरलेले त्यांचे दर अनुक्रमें ३७, ६२ आणि ७२ डॉलर असे आहेत. त्या सालापासून प्रत्येक प्रवेशपत्रामागें दोन डॉलर कंठा बोफा या लहान मुलांच्या रुग्णालयांना देण्याची व्यवस्था झाली. हें मुद्दाम सांगावयाचें कारण असें, कीं तिसऱ्या दिवशीं ज्या राजाचीं देवळें आपण पाहणार आहोंत, त्याच्या शिलालेखांतही रुग्णालयांची नोंद आहे.

वाटाड्या अवश्य घ्यावा. सरकारी परवाना असलेले, इंग्रजी बोलणारे वाटाडे पुष्कळ मिळतात. मात्र एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. येथील फिरण्याचे रस्ते फ्रेंचांच्या अमदानींत मोटारींसाठीं आंखले गेले. त्यांत १७ किलोमीटरांचा एक लहान फेरा आणि २६ किलोमीटरांचा एक मोठा फेरा आहे. ही आंखणी रस्त्याच्या सोयीनें झाली, इतिहासाच्या क्रमानें नव्हे. त्यामुळें पहाटे अंकोर वाट, मग बायोन, दुपारीं झाडांनीं कवटाळलेलें ता प्रोम आणि सायंकाळीं बाखेंगच्या टेकडीवरून सूर्यास्त, असा ठराविक कार्यक्रम प्रवाशाच्या वांट्यास येतो. बाराव्या शतकांतून तेराव्यांत आणि तेथून एकदम नवव्याच्या अखेरीस, अशा उड्या मारल्यावर रात्रीं स्मरणांत उरतात ते केवळ दगड आणि घाम. म्हणून पहिल्याच सकाळीं वाटाड्यास सांगावें, कीं देवळें ज्या क्रमानें बांधलीं गेलीं त्याच क्रमानें आम्हांस दाखवा. आम्ही तसें सांगितलें तेव्हां आमचा वाटाड्या क्षणभर थबकला आणि मग हंसून त्यानें आमचें टुकटुक आग्नेयेकडे वळविलें.

पहिला दिवस असा रोलुओसपासून सुरू व्हावा. हें गांव शहराच्या आग्नेयेस सुमारें १३ किलोमीटरांवर आहे. इंद्रवर्मा नांवाचा राजा ८७७ सालीं गादीवर आला आणि त्यानें पहिलें काम हातीं घेतलें तें पाण्याचें. गादीवर बसल्यापासून पांच दिवसांच्या आंत खोदाईस आरंभ करीन, अशी त्याची प्रतिज्ञा शिलालेखांत आढळते. त्याच्या तलावाचें नांव इंद्रतटाक. लांबी सुमारें ३८०० मीटर आणि रुंदी ८०० मीटर. तलाव म्हटला म्हणजे आपल्या डोळ्यांपुढें खोल खणलेला खड्डा येतो. ख्मेरांचे हे मोठे तलाव, ज्यांना ते ‘बाराय’ म्हणतात, बहुतांशीं तसे नाहींत. सपाट जमिनीवर चारी बाजूंनीं मातीचे बांध घालून पाणी भूमीच्या वर तोलून धरलेलें असे. यांतील पाणी शेतीस किती आणि देवकार्यास किती, याविषयीं विद्वानांत पुष्कळ वाद झाला आहे. पण सहा महिने महापूर आणि सहा महिने कोरड अशा देशांत ज्याच्या हातीं पाणी त्याच्या हातीं राज्य, हें सांगावयास विद्वान् लागत नाहीं. आज इंद्रतटाक आटला आहे. त्याच्या मधल्या बेटावर ८९३ सालीं उभारलेलें लोलेइचें देऊळ आतां भाताच्या खाचरांकडे पाहत उभें आहे.

याच गांवांत प्रेआ को नांवाचीं सहा लहान विटांचीं देवळें एका चौथऱ्यावर दोन ओळींनीं उभीं आहेत. समोर नंदी बसलेले पाहून आपणांस हायसें वाटतें आणि ‘हें तर आपलें शिवालय!’ असे उद्गार तोंडून निघतात. पण वाटाड्याला विचारावें, कीं सहा कशासाठीं? तो सांगेल कीं पुढचीं तीन राजाच्या पूर्वजांसाठीं आणि मागचीं तीन त्या पूर्वजांच्या स्त्रियांसाठीं. आजोबा, वडील आणि राज्याचा आद्य संस्थापक हे येथें शिवरूपानें बसले आहेत. आजी आणि आई देवीरूपानें. आपल्याकडे पितरांना पिंड मिळतो, देऊळ सहसा मिळत नाहीं. नंदी ओळखीचा; पण त्याच्या समोरचा देव आपल्या ओळखीचा राहिलेला नाहीं. जी सावधगिरी मी म्हणालों ती हीच. ओळख पटली कीं डोळे मिटतात, आणि खरें पाहावयाचें असतें तें त्याच्या पुढें.

जवळच बाकोंग आहे. ८८१ सालीं प्रतिष्ठा झालेला हा पांच टप्प्यांचा पाषाणाचा डोंगर म्हणजे राजानें सपाट भूमीवर उभा केलेला मेरु. माथ्यावरचें शिखर मात्र बाराव्या शतकांतील आहे. खंदकाच्या आंत एक बौद्ध विहार अजून नांदता आहे. भगवीं वस्त्रें दोरीवर वाळत असतात आणि भिक्षूंच्या पठणाचा आवाज त्या शिवाच्या डोंगरावर ऐकूं येतो. त्या टप्प्यांचें रूप डोळ्यांत नीट सांठवून घ्यावें. दुपारीं त्याचें काम पडणार आहे.

दुपारीं बांतेआय स्रेइ. हें देऊळ ईशान्येस, कुलेनच्या वाटेवर आहे. तें राजानें बांधलेलें नाहीं. यज्ञवराह नांवाच्या विद्वान् राजगुरूनें तें उभारलें आणि ९६७ सालीं त्याची प्रतिष्ठा झाली. मधलें शिखर पुरतें दहा मीटरही उंच नाहीं. गुलाबी वालुकाश्मावर केलेली कोरीव कामगिरी पाहून हें दगडाचें कीं चंदनाचें, असा संभ्रम पडतो. येथें दारावरच्या एका लहानशा त्रिकोणी पटांत रावण कैलास हलवीत आहे. हा प्रसंग आपल्यापैकीं पुष्कळांनीं वेरुळास पाहिला असेल. वेरूळच्या रावणाचें बळ काळ्या कातळाच्या अंधारांतून वर उसळतें; पाहणाराला वरचा डोंगर खरोखरच हलेल असें भय वाटतें. येथें सारें उजेडांत आणि नाजूक आहे. पार्वती शंकरास बिलगली आहे, ऋषि चकित झाले आहेत, खालीं पशु जीव घेऊन पळत आहेत. आणि कैलास? तो डोंगरच नाहीं. तो पायऱ्यापायऱ्यांचा आहे, सकाळीं पाहिलेल्या बाकोंगासारखा! ख्मेर शिल्पकारानें हिमालय पाहिला नव्हता. देवाचा पर्वत म्हणजे आपल्या राजानें बांधलेला टप्प्यांचा डोंगर, हें त्याला ठाऊक होतें. कथा भारतांतली, पण पर्वत त्याच्या गांवचा. क्रमानें पाहण्याचा लाभ हा असा होतो. अंकोर वाट पाहून थकल्यावर येथें आलों असतों तर ‘रावणानुग्रह’ एवढें म्हणून आम्ही पुढें गेलों असतों.

या देवळाच्या सौंदर्यानें त्याला शत्रूही पुष्कळ दिले. १९२३ सालीं आंद्रे माल्रो या तरुण फ्रेंच लेखकानें येथील मूर्ति कापून नेल्या. फ्नोम पेन्हला तो पकडला गेला, खटला झाला आणि मूर्ति परत आल्या. पुढें तोच गृहस्थ फ्रान्सचा सांस्कृतिक मंत्री झाला. १९३१ ते १९३६ या काळांत आंरी मार्शाल यांनीं जावांतील डच तज्ज्ञांकडून शिकून घेतलेल्या रीतीनें पडलेला एकएक दगड ओळखून पुन्हा जागच्या जागीं बसविला. पण चोरी थांबली नाहीं. कोह केर येथील देवळांतून यादवी युद्धाच्या काळांत दुर्योधनाची एक मोठी मूर्ति नाहींशी झाली. चोरांनीं ती घोट्यांपाशीं तोडली होती. पावलें बैठकीवर तशींच राहिलीं. कांहीं दशकांनीं मूर्ति अमेरिकेंत लिलावास आली, त्या पावलांवरून तिचें मूळ पटलें आणि २०१४ सालीं दुर्योधन मायदेशीं परतला. मायदेश म्हणजे कंबोडिया. हस्तिनापुराचा त्यावर हक्क असल्याचें कोणाच्या मनांतही आलें नाहीं, आणि तें योग्यच झालें.

दुसरा संपूर्ण दिवस अंकोर वाटला द्यावा. सूर्यवर्मा दुसरा याच्या कारकीर्दींत, बाराव्या शतकाच्या पूर्वार्धांत, हें विष्णूचें देऊळ उभें राहिलें. कालाची कल्पना यावी म्हणून सांगतों, कीं आपलें अंबरनाथचें शिवालय १०६० सालचें. अंकोर वाट त्याच्यानंतर पाऊणशें-शंभर वर्षांच्या आंतबाहेरचें. बांधणींतील एक गोष्ट आपणांस जवळची वाटेल: हेमाडपंती देवळांप्रमाणें येथेंही घडीव दगड चुन्यावांचून एकावर एक बसविले आहेत. भरावासाठीं वापरलेला तांबडा, सच्छिद्र दगड कोंकणच्या माणसास लगेच ओळखतां येईल. तो जांभा होय. परंतु आकारमान मात्र आपल्या अंदाजाच्या बाहेरचें आहे. भोंवतालचा खंदक १९० मीटर रुंद असून एका बाजूनें दीड किलोमीटर लांब आहे. मधलें शिखर जमिनीपासून ६५ मीटर उंच आहे. वालुकाश्म कुलेनच्या पायथ्याच्या खाणींतून येई, आणि तो वाहून आणण्यास कालव्यांचा उपयोग होई. खरी कमान त्यांनीं वापरली नाहीं. दगडावर दगड थोडाथोडा पुढें सरकवून छत मिटविलें. त्यामुळें एवढ्या प्रचंड देवळांतल्या ओवऱ्या अरुंद आहेत. येथें सभामंडपांत हजार माणसें बसण्याचा प्रश्नच नव्हता. हें देवाचें घर, माणसांचें नव्हे.

पहाटे पांचाला प्रवेश मिळतो. शेंकडो लोक उत्तरेकडच्या पुष्करिणीच्या कांठीं कॅमेरे सरसावून सूर्याची वाट पाहत असतात. सूर्योदय जरूर पाहावा. पण तो होतांच ही सारी गर्दी न्याहारीस जाते, तोच घटकाभराचा काळ शिल्पांनीं भरलेल्या ओवरीसाठीं राखून ठेवावा. ओवरींत शिरल्यावर आपले पाय आपोआप डावीकडे वळतात, कारण देव उजवा घालून प्रदक्षिणा करण्याची आपली संवय. वाटाड्या आपणांस उजवीकडे नेतो. येथील शिल्पपट पश्चिमेकडून दक्षिणेस, तेथून पूर्वेस आणि मग उत्तरेस, म्हणजे देव डावा घालून पाहावयाचे आहेत. ही उलटी फेरी आपल्याकडे अंत्यविधींतील. देवळाचें तोंडही पूर्वेस नसून पश्चिमेस आहे. यावरून कांहीं विद्वानांनीं असें मत मांडलें, कीं हें विष्णुमंदिर राजाचें स्मारकमंदिरही असावें. राजाला मरणोत्तर ‘परमविष्णुलोक’ असें नांव मिळालें, आणि तेंच नांव शिल्पांतील त्याच्या प्रतिमेजवळ कोरलेलें आहे. प्रेआ कोच्या पितरांची येथें पुन्हा आठवण होते.

पहिलाच पट कुरुक्षेत्राचा. डावीकडून कौरव येतात, उजवीकडून पांडव, आणि मध्यावर माणसें, घोडे आणि रथ यांचा असा गुंता होतो कीं शत्रु-मित्र ओळखूं येऊं नये. शरपंजरीं पडलेले भीष्म आहेत, अर्जुनाच्या रथावर चतुर्भुज सारथि श्रीकृष्ण आहे. आमच्या मंडळींपैकीं एका वयस्क बाईंनीं वाटाड्याला महाभारत सांगावयास प्रारंभ केला. त्यानें तें शांतपणें ऐकून घेतलें. मग तो एवढेंच म्हणाला, कीं कथा समुद्रावरून आली खरी, पण दगड त्या डोंगरावरून आला. आणि त्यानें कुलेनच्या दिशेनें बोट केलें. बाई हंसल्या, पण त्यानंतर त्यांनीं प्रत्येक पटापुढें प्रश्न विचारले, आणि आम्हां सर्वांचीच फेरी त्यामुळें सुधारली. सैनिकांचीं शिरस्त्राणें, हत्तींवरील बैठकी, छत्रांची गर्दी, हें सारें तेथल्याच सैन्याचें आहे हें आम्हांस त्याच्याकडून कळलें.

पुढें दक्षिणेच्या ओवरींत स्वतः सूर्यवर्म्याची स्वारी निघाली आहे. त्यांत सयामी सैनिकांची एक तुकडीही आहे. तिच्या पलीकडे स्वर्ग आणि नरक: रेड्यावर बसलेला अनेकभुज यम, खालीं निवाडा देणारा चित्रगुप्त, आणि ३२ नरक. कोणत्या पापास कोणता नरक, याची नोंद दगडावर केली आहे ती संस्कृतांत नव्हे, ख्मेर भाषेंत. कारण ती सर्वांस समजावी असा हेतु असला पाहिजे. पूर्वेच्या ओवरींत ४९ मीटर लांबीचें समुद्रमंथन आहे. एका बाजूस असुर, दुसऱ्या बाजूस देव, दोहींकडे नव्वदीच्या घरांत. मध्यें कूर्मावर मंदराचल, वासुकीचा दोर, वर अप्सरांचे थवेच्या थवे, आणि घुसळणीनें खालीं तुकडे झालेले मासे आणि मगरी. हे मासे जो नीट पाहील त्याला दक्षिणेकडच्या सरोवराची आठवण झाल्यावांचून राहणार नाहीं.

वरच्या मजल्यावर जाण्यास खांदे आणि गुडघे झांकलेलीं वस्त्रें लागतात. जिना अतिशय उभा आहे, आणि बौद्ध पर्वाच्या दिवशीं तो बंद असतो. ज्यांना चढवत नाहीं त्यांनीं वाईट वाटून घेऊं नये. पश्चिमेच्या महाद्वारांत एक अष्टभुज विष्णुमूर्ति आहे. गांवचे लोक तिला ‘ता रीच’ म्हणतात, भगवें वस्त्र नेसवितात, उदबत्त्या लावतात आणि नवस बोलतात. हे लोक बौद्ध. ती मूर्ति विष्णूची आहे हें त्यांना कोणी सांगितलें तर ते मान डोलवितील आणि पुन्हा हात जोडतील. अंकोर जंगलांत हरवलें होतें आणि युरोपीयांनीं तें शोधून काढलें, अशी एक कथा प्रवाशांना नेहमीं ऐकावयास मिळते. अंकोर वाटपुरती तरी ती खोटी आहे. राजधानी गेली, पण येथली पूजा कधीं खंडली नाहीं.

बाहेरून आलेल्यांनीं मात्र येथें आपापलें घरच पाहिलें. १५८६ सालीं आंतोनिओ दा मादालेना नांवाचा एक पोर्तुगीज साधु येथें येऊन गेला. त्याची हकीकत दियोगु दु कोउतु या इतिहासकारानें लिहून ठेवली. हा पुढें गोव्याच्या पोर्तुगीज दप्तरखान्याचा प्रमुख होता. त्याच सुमाराच्या एका स्पॅनिश पाद्र्यास हें नगर रोमन लोकांनीं किंवा सिकंदरानें बांधलें असावें असें वाटलें. १६३२ सालीं मोरिमोतो उकोन्दायु नांवाच्या जपानी यात्रेकरूनें एका खांबावर शाईनें लेख लिहिला. बुद्धाचें जेतवन तें हेंच, असें त्या काळच्या जपानी लोकांस वाटे, आणि अंकोर वाटचा एक जुना जपानी नकाशा जेतवनाचा म्हणूनच जपून ठेवलेला आहे. १८६० सालीं आलेल्या आंरी मूओला ग्रीस आणि रोम आठवले. आणि आपण? आपल्या एका थोर इतिहासकारानें, रमेशचंद्र मजुमदारांनीं, १९४४ सालीं कंबुजदेशावर जो ग्रंथ लिहिला त्याच्या नांवांतच या देशास प्राचीन हिंदु वसाहत म्हटलें आहे. परतंत्र देशाला आपल्या पूर्ववैभवाची आठवण हवी होती. त्या शब्दामागची भूक समजूं शकते. परंतु भारतांतील कोण्या राजानें हा देश जिंकून तेथें राज्य केल्याचा पुरावा नाहीं. संस्कृत आली, शैव आणि वैष्णव आगम आले, बुद्ध आला. तें सर्व ख्मेरांनीं पारखून घेतलें आणि आपल्या मातींत लाविलें.

तिसरा दिवस जयवर्मा सातवा याचा. ११७७ सालीं शेजारच्या चाम लोकांनीं राजधानी लुटली. ११८१ सालीं हा महायान बौद्ध राजा गादीवर आला. ११८६ सालीं त्यानें आपल्या मातेच्या स्मरणार्थ ता प्रोम बांधलें. तेथें ती प्रज्ञापारमितेच्या रूपानें बसली. तेथील संस्कृत शिलालेखांत हिशेब आहे: देवळाच्या सेवेस ३१४० गांवें आणि ७९,३६५ माणसें, १८ मुख्य पुरोहित, ६१५ नर्तकी. त्याच लेखांत राज्यांतील १०२ रुग्णालयांची नोंद आहे. आज हें देऊळ प्रसिद्ध आहे तें झाडांमुळें. फ्रेंच तज्ज्ञांनीं पूर्वींच ठरविलें होतें, कीं एक तरी देऊळ जसें सांपडलें तसें ठेवावें. प्रचंड मुळें भिंतींवरून अशीं उतरलीं आहेत, कीं झाड काढलें तर भिंत पडते आणि ठेवलें तरी पडते. हें अवघड काम २००४ सालापासून भारताच्या पुरातत्त्व खात्याकडे आहे. त्यापूर्वीं १९८६ ते १९९३ या काळांत, देश अजून अशांत असतांना, त्याच खात्यानें अंकोर वाटच्या दुरुस्तीचें काम केलें. त्या कामावर पुढें टीकाही झाली, पण जेव्हां फारसें कोणी येत नव्हतें तेव्हां भारतीय गेले, हें ख्मेर लोक विसरले नाहींत. आपल्याला अभिमानच बाळगावयाचा असेल तर तो या कामाचा बाळगावा.

१९७५ ते १९७९ या चार वर्षांत ख्मेर रूज राजवटींत पंधरा ते वीस लक्ष माणसें मेलीं, असा अंदाज आहे. शिकलेली माणसें वेंचून मारलीं गेलीं. देवळांची देखभाल जाणणारांपैकींही फार थोडे वांचले. तरी देशाच्या झेंड्यावर अंकोर वाट त्या राजवटींतही होतें आणि आजही आहे. वाटाड्या आपल्या घरच्यांविषयीं स्वतः होऊन बोलला तर ऐकावें. आपण होऊन विचारूं नये. २०२२ सालापासून देवळांच्या परिसरांत राहणाऱ्या हजारों कुटुंबांना सरकारनें दूरच्या नव्या वसाहतींत हलविलें आहे. तीं स्वखुषीनें गेलीं असें सरकार म्हणतें. मानवी हक्कांसाठीं झगडणाऱ्या संस्था तें मानीत नाहींत. रिकाम्या देवळाचें छायाचित्र घेतांना तें रिकामें कसें झालें, एवढा विचार तरी मनांत यावा.

शेवटीं बायोन. चारी दिशांना पाहणारे, ओठांवर किंचित् हंसूं असलेले सुमारें दोनशें प्रचंड मुखवटे येथें आहेत. ते बोधिसत्त्वाचे कीं राजाचे, कीं दोघांचेही, हा निवाडा मी करणार नाहीं. पण केवळ मुखवटे पाहून परत फिरूं नये. बाहेरच्या ओवरींत चाम लोकांशीं झालेली नावांची लढाई आहे, आणि तिच्या खालच्या पट्टींत बाजार भरला आहे. बायका जमिनीवर बसून माल विकीत आहेत, कोंबड्यांची झुंज लागली आहे, भात शिजत आहे, एक बाई बाळंत होत आहे. १२९६ सालीं येथें आलेल्या चौ ता-कुआन या चिनी वकिलाच्या मंडळांतील गृहस्थानेंही लिहून ठेवलें आहे, कीं येथील व्यापार बायकांच्या हातांत असून त्या जमिनीवर चटई पसरून बसतात. सिएम रीपच्या बाजारांत आपण गेलांत तर तीच मांडणी दिसेल. या राजाच्या मागून शैवांचा जोर झाला तेव्हां बुद्धाच्या असंख्य मूर्ति छिनून टाकण्यांत आल्या. बायोनच्या गाभाऱ्यांतील मुख्य बुद्ध १९३३ सालीं तेथल्याच एका विवरांत तुकड्यांच्या रूपानें सांपडला. धर्म समुद्रापलीकडे जातात तेव्हां त्यांचीं भांडणेंही बरोबर जातात कीं काय, असा विचार तेथें मनांत येतो.

तिसऱ्या दिवशींचा सूर्यास्त टेकडीवरच्या गर्दींत न पाहतां पश्चिम बारायच्या बांधावरून पाहावा. अकराव्या शतकांतील हा तलाव आठ किलोमीटर लांब आणि दोन किलोमीटरांहून अधिक रुंद आहे, आणि त्याच्या मोठ्या भागांत अजून पाणी आहे. मुलें पोहत असतात, कुटुंबें मचाणांवर बसून भाजलेले मासे खात असतात. या तलावाच्या मधल्या बेटावर १९३६ सालीं शेषशायी विष्णूची प्रचंड कांशाची मूर्ति सांपडली. तलाव प्रथम पाहिला आणि शेवटींही पाहिला, म्हणजे मधल्या सर्व देवळांचा पाया कशांत होता हें समजतें.

ख्मेर लोक आपल्या देशाच्या उत्पत्तीची एक कथा सांगतात. परदेशाहून एक पुरुष नावेंतून आला. त्याला कौंडिण्य ब्राह्मण म्हणतात, कोणी प्रेआ थोंग म्हणतात. त्यानें तेथील नागकन्येशीं लग्न केलें. जमीन पाण्याखालीं होती. तेव्हां नागराजानें तें पाणी पिऊन टाकलें आणि वर आलेली भूमि जांवयास दिली. पाहुणा बाहेरचा, पण भूमि आणि पाणी मुलीकडचें. आजही ख्मेर लग्नांत वर वधूच्या उपरण्याचें टोक हातीं धरून तिच्या मागोमाग चालतो. अंकोरला जाणाऱ्या भारतीयानें कथा बरोबर न्याव्या, त्या सांगाव्या, त्यांत आनंदही मानावा. पण चालावें तें वाटाड्याच्या मागून.